सही करण्याआधी

मुंबईत काहीही बांधायचं तर वाऱ्याचा मूळ वेग सेकंदाला ४४ मीटर धरा, असं भारतीय मानक सांगतं. तासाच्या हिशेबात तो साधारण १५८ किलोमीटर होतो. एवढा वारा दर पावसाळ्यात सुटत नाही. सरासरीनं पन्नास वर्षांत एकदा यावा अशा झोताचा हा वेग आहे. १३ मे २०२४ रोजी घाटकोपरला छेडानगरच्या पेट्रोल पंपावर जे होर्डिंग कोसळलं, त्याची व्हीजेटीआय या अभियांत्रिकी संस्थेनं तपासणी केली, तेव्हा ते ताशी ४९ किलोमीटरच्या वाऱ्यापुरतंच टिकाव धरू शकत होतं असं निघालं. त्याखाली १७ माणसं गेली.

१५८ च्या जागी ४९, म्हणजे एक तृतीयांश ताकद होती, असं कुणालाही वाटेल. खरा हिशेब त्याहून वाईट आहे. वाऱ्याचा दाब वेगाच्या वर्गानं वाढतो. वेग दुप्पट झाला की दाब चौपट, वेग तिप्पट झाला की नऊपट. तो फलक १२० फूट रुंद आणि १२० फूट उंच होता, म्हणजे सुमारे १,३४० चौरस मीटर. उंचीबिंचीचे गुणक बाजूला ठेवून नुसता मूळ वेग घेतला, तरी त्यावर दीडशे टनांहून जास्त रेटा येतो. ४९ च्या वाऱ्यात येतो पंधरा टन. जिथे दहा पेलायचे होते तिथे एक पेलण्याची तयारी होती. महापालिकेच्या नियमात ४० बाय ४० फुटांपलीकडे परवानगी नाही, हा फलक क्षेत्रफळानं त्याच्या नऊपट. जमीन लोहमार्ग पोलिसांच्या ताब्यातली, त्यामुळे परवानगी कुणी द्यायची होती यावर पुष्कळ बोललं गेलं. मला त्याहून जास्त छळते ती दुसरीच गोष्ट. त्या फलकाच्या कागदांत स्थैर्याचा दाखला होता, आणि त्यावर सही माझ्या पेशातल्या माणसाची, स्ट्रक्चरल इंजिनिअरची होती.

वाऱ्याच्या त्याच मानकात के-वन नावाचा एक गुणक आहे. मुंबईसाठी नेहमीच्या इमारतीला तो १ धरतात. पाचेक वर्षांत काढून टाकायच्या तात्पुरत्या शेडला ०.७३. शेतातलं बांधकाम, जे पडलं तरी फारशी माणसं दगावणार नाहीत, त्याला ०.९१. हॉस्पिटलसारख्या महत्त्वाच्या इमारतीला १.०७. माझ्या ऑफिसात नव्यानं येणाऱ्या मुलामुलींना मी हे कोष्टक पहिल्याच आठवड्यात वाचायला लावते. सॉफ्टवेअर के-वन विचारतं, मुलं १ टाकून पुढे सरकतात. मी त्यांना थांबवते आणि विचारते, याच्या खाली कोण उभं राहणार आहे? पेट्रोल पंपालगतच्या फलकाखाली, धुळीचं वादळ आणि अवकाळी पाऊस एकदम आले की लोक पंपाच्या छताखाली आडोशाला धावणार. छेडानगरात तसंच झालं. समीकरणात माणूस बसतो तो या अशा जागी, एका दशांश अपूर्णांकात, आणि तो तिथे आहे हे पाहायचं की नाही हे गणित करणाऱ्यावर असतं.

मी मुलुंड पूर्वेला राहते. काम मुलुंड-भांडुपपासून घाटकोपरपर्यंत, कधी पलीकडे बोरिवलीला. कामाचा मोठा भाग स्ट्रक्चरल ऑडिटचा. मुंबई महानगरपालिका अधिनियमाच्या कलम ३५३-ब प्रमाणे तीस वर्षं पूर्ण झालेल्या इमारतीचं ऑडिट नोंदणीकृत स्ट्रक्चरल इंजिनिअरकडून करून घ्यावं लागतं. उपनगरांतल्या तळमजला अधिक चार मजल्यांच्या असंख्य सोसायट्या सत्तर-ऐंशीच्या दशकातल्या आहेत. बँकेत, गिरणीत, रेल्वेत, महापालिकेत नोकरी करणाऱ्या माणसांनी कर्ज काढून घेतलेली ही घरं. आता ती सगळी त्या वयात आली आहेत.

काँक्रीट कशानं खराब होतं हे सोसायटीच्या सभेत मी दर वेळी सांगते, कारण अहवालातला एकही शब्द त्याशिवाय कळत नाही. चांगलं काँक्रीट तीव्र अल्कधर्मी असतं. त्याचा सामू १२-१३ च्या घरात असतो आणि त्यामुळे आतल्या सळयांवर एक पातळ संरक्षक थर टिकून राहतो. वर्षानुवर्षं हवेतला कार्बन डायऑक्साइड काँक्रीटमध्ये मुरत जातो, सामू ९ च्या आसपास उतरतो आणि तो थर जातो. मग ओल मिळाली की सळई गंजते. गंज मूळ लोखंडाच्या कित्येक पट जागा व्यापतो, त्यामुळे तो आतून काँक्रीटला ढकलायला लागतो. खांबावर सळईच्या रेषेत उभी चीर दिसते ती यामुळे. ती चीर पुट्टी लावून बुजवली, वर रंग मारला, की घर छान दिसतं आणि आत गंज चालूच राहतो. मुंबईत ओलीची कमी नाही. खारी हवा, चार महिने पाऊस, वरच्या मजल्यावरच्या बाथरूमचं लीकेज, न्हाणीच्या जाळीखालचा फुटका ट्रॅप. गच्ची गळते म्हणून जुना कोबा न उखडता त्यावर नवा कोबा चढवला जातो, आणि स्लॅबवर कुणी न मोजलेलं वजन येऊन बसतं.

तपासणीची सुरुवात साध्या हातोडीनं होते. गिलाव्यावर टकटक करत जायचं. भरीव जागी खणखणीत वाजतं, सुटलेल्या जागी बद्द. मग काँक्रीटवर आपटून उसळी मोजणारा रिबाउंड हॅमर, मग अल्ट्रासॉनिक तपासणी. काँक्रीटमधून ध्वनिलहर सेकंदाला साडेतीन किलोमीटरच्या वर गेली तर ठीक, तीनच्या खाली आली तर शंका. सळईचं विद्युतविभव उणे ३५० मिलिव्होल्टच्या पलीकडे गेलं तर गंज चालू असण्याची शक्यता नव्वद टक्क्यांवर. शेवटी कोअर. खांबातून दंडगोल कापून काढायचा आणि प्रयोगशाळेत दाबून फोडायचा. तीन कोअरची सरासरी ठरलेल्या ताकदीच्या किमान ८५ टक्के हवी, आणि एकही कोअर ७५ च्या खाली जाता कामा नये.

हे सगळे आकडे मानकात छापलेले आहेत. कोअर नेमका कुठल्या खांबातून काढायचा हे मात्र मानक सांगत नाही. ते इंजिनिअरच्या विवेकावर सोडलेलं आहे, आणि माझ्या मते सगळं ऑडिट इथेच घडतं किंवा बिघडतं. प्रवेशद्वाराजवळचा खांब कोरडा असतो, त्याच्याभोवती मशीन लावायला मोकळी जागा असते. डक्टकडच्या खांबाशी पोचायचं तर ड्रेनेजच्या पाइपांमागे, घाणीत आणि उंदरांत शिरावं लागतं. माझा ऑपरेटर दर वेळी आधी पुढच्या खांबाकडे वळतो. त्याला मी दोष देत नाही, मशीन त्याच्या खांद्यावर असतं. पण पुढच्या खांबांतून तीन कोअर काढले की आकडे खरे येतील, शाईनं छापले जातील, आणि तरीही अहवाल खोटा असेल. म्हणून मी स्वतः आधी डक्टमध्ये उतरते.

आकडे हातात आल्यावर इमारतीला वर्ग द्यायचा असतो. सी-वन म्हणजे अतिधोकादायक, ताबडतोब रिकामी करून पाडायची. सी-टू-ए म्हणजे रिकामी करून मोठी दुरुस्ती. सी-टू-बी म्हणजे लोक राहत असतानाच दुरुस्ती. सी-थ्री म्हणजे किरकोळ. चार वर्गांच्या मागे कोण कोण उभं असतं हे सभेतून बाहेर पडताना कळतं. मालकाचा माणूस गाडीपर्यंत सोडायला येतो: “मॅडम, एवढी जुनी बिल्डिंग, सी-वनच निघणार ना?” इमारत पागडीची असते, सी-वन झाली की भाडेकरू बाहेर. दुसऱ्या सोसायटीत सेक्रेटरी जिन्यात गाठतात. “ताई, सी-टू-बी बसवा कसंही. वरती सगळे सिनियर सिटिझन आहेत, कुठे नेऊ त्यांना?” या दुसऱ्या माणसाचा मला कधी राग येत नाही. तो लबाडी करत नसतो. त्याला भाड्याची घरं, डिपॉझिट, डायलिसिसला जाणारे जोशीकाका आणि शाळेची वर्षं दिसत असतात. मला खांब दिसतो. दोघंही माणसांचाच विचार करत असतो, आणि तरी त्याला हवं ते मी लिहू शकत नाही.

मालक आणि रहिवासी आपापला इंजिनिअर आणतात तेव्हा एकाच इमारतीचे दोन अहवाल तयार होतात, एक सी-वन आणि एक सी-टू. मग प्रकरण महापालिकेच्या तांत्रिक सल्लागार समितीपुढे जातं. अशा सुनावणीत दोन जाड फायली शेजारी शेजारी ठेवलेल्या असतात. दोन्हींत हॅमरचे आकडे, दोन्हींत फोटो. मी पहिल्यांदा कोअरच्या जागांचा नकाशा उघडते. कोण कुठे गेलं होतं, कोण कुठे गेलं नव्हतं, ते त्यात दिसतं.

घाटकोपर पश्चिमेच्या दामोदर पार्कमधली सिद्धी साई ही चार मजली इमारत २५ जुलै २०१७ ला सकाळी कोसळली. १७ जण मेले. तळमजल्यावर पूर्वी नर्सिंग होम होतं, तिथे नूतनीकरण चालू होतं आणि त्यात खांबांना हात लागला होता. त्यानंतर मी कित्येक सोसायट्यांमध्ये एकच गोष्ट फळ्यावर काढून दाखवत आले आहे. चौथ्या मजल्याच्या खांबावर फक्त गच्चीचा भार असतो. तळमजल्याच्या खांबावर वरच्या सगळ्या मजल्यांचा, सगळ्या कपाटांचा, टाक्यांचा आणि झोपलेल्या माणसांचा भार असतो. शिवाय भिंत आणि खांब यांत दिसायला फरक नसतो, दोन्हीवर सारखाच गिलावा आणि सारखाच रंग. दुकान रुंद करायचं म्हणून मिस्त्री छिन्नी लावतो तेव्हा खालच्या माणसाला दोन फूट जागा मिळते, आणि जोखीम मात्र वरच्या सगळ्यांच्या वाट्याला जाते, त्यांना कुणी विचारत नाही. मला हा इंजिनिअरिंगचाच प्रश्न वाटतो. भार कसा खाली उतरतो याइतकंच, धोका कुणावर उतरतो हेही आम्ही काढून दाखवायला हवं.

१४ मार्च २०१९ ला छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसजवळचा हिमालय पूल पडला, सात जण गेले. त्याआधीच्या ऑडिटमध्ये तो किरकोळ दुरुस्तीच्या गटात होता. ऑडिटरला अटक झाली. त्या आठवड्यात आमच्या व्यवसायात सगळ्यांचे फोन एकमेकांना चालू होते. काही जण म्हणाले, आता प्रत्येक इमारत सी-वन लिहायची, म्हणजे आपल्या गळ्याला काही येणार नाही. मला ते ऐकून पुलाइतकीच भीती वाटली. भीतीनं लिहिलेला सी-वन चाळीस कुटुंबांना विनाकारण रस्त्यावर आणतो. तोही खोटाच अहवाल आहे, फक्त त्याचे बळी ढिगाऱ्याखाली सापडत नाहीत म्हणून ते मोजले जात नाहीत.

अंधेरीचा गोखले पूल या सगळ्यात वेगळा आठवतो. ३ जुलै २०१८ च्या सकाळी त्याच्या पदपथाचा भाग पश्चिम रेल्वेच्या रुळांवर पडला. मोटरमन चंद्रशेखर सावंत यांनी तो पडताना पाहिला आणि आपत्कालीन ब्रेक लावून लोकल थांबवली. दुर्घटनेत जखमी झालेल्यांपैकी दोघे पुढे दगावले. गाडी थांबली नसती तर काय झालं असतं हे उपनगरात राहणाऱ्याला सांगायला नको. पुढे रेल्वे, महापालिका आणि आयआयटी मुंबई यांनी मिळून उपनगरी मार्गावरचे पूल तपासायला घेतले. गोखले पूल ७ नोव्हेंबर २०२२ ला बंद झाला, फेब्रुवारी २०२४ मध्ये नव्या पुलाची एक बाजू उघडली, आणि तो शेजारच्या बर्फीवाला पुलापेक्षा उंच निघाला. दोन्ही पुलांची टोकं जुळेनात. लोक हसले, वैतागले, आणि त्यांचा वैताग योग्यच होता, सव्वा वर्षाहून जास्त काळ अंधेरी पूर्व-पश्चिम ओलांडताना त्यांची दमछाक झाली होती. पण त्यानंतर जे काम झालं त्याचं मला मनापासून कौतुक आहे. व्हीजेटीआयच्या सल्ल्यानं बर्फीवाला पुलाचा भाग हायड्रॉलिक जॅकवर उचलला, एका बाजूला १,३९७ मिलिमीटर आणि दुसऱ्या बाजूला ६५०, आणि जुलै २०२४ मध्ये दोन्ही पूल जोडले गेले. तोडून नव्यानं बांधणं सोपं होतं. उचलल्यामुळे लोकांचे महिने वाचले.

आपल्या कामाची जबाबदारी विसरू नये म्हणून कॅनडात इंजिनिअर पदवीधर होताना उजव्या किंवा डाव्या, ज्या हातानं काम करतो त्या हाताच्या करंगळीत लोखंडाची साधी अंगठी घालतात. ही प्रथा १९२५ साली सुरू झाली. तिच्या बाबतीत क्वेबेक पुलाची आठवण काढतात. सेंट लॉरेन्स नदीवरचा तो पूल २९ ऑगस्ट १९०७ ला बांधकाम चालू असतानाच पडला आणि ७५ कामगार मेले. गाळा लांबवला होता, पण पुलाच्या स्वतःच्या वजनाचा हिशेब नव्यानं केला नव्हता. खालचे दांडे वाकताना कामावरच्या माणसांना दिसले होते, काम थांबवायचा निरोप मात्र वेळेत पोचला नाही. आपल्याकडे अंगठी नाही. आपल्याकडे पानशेत आहे. १२ जुलै १९६१ ला ते धरण फुटलं आणि पुण्यात पूर आला. धरणाच्या पोटातल्या मोरीत, पोलादाची टंचाई म्हणून, सळयांविना काँक्रीटचे ठोकळे बसवले होते, आणि काम पुरं व्हायच्या आत पाणी अडवलं गेलं. इंजिनिअरिंगच्या आपल्या अभ्यासक्रमात पानशेत आलंच तर जलविज्ञानाच्या तासाला येतं. माझी फार इच्छा आहे, की ते पहिल्या वर्षाच्या पहिल्या दिवशी यावं, पुण्यातल्या पुराच्या फोटोंसकट.

मुलुंडमधल्या एका सोसायटीला मी सी-टू-ए दिला तेव्हा तिसऱ्या मजल्यावरच्या आजी मला म्हणाल्या, “बाई, पंचेचाळीस वर्षं इथे काढली. ह्यांचं वर्षश्राद्ध इथेच झालं. तू दोन भोकं पाडलीस आणि म्हणतेस, बाहेर पडा.” मी त्यांच्या खांबातून काढलेला कोअर वर घेऊन गेले. त्यावर फिनॉल्फथॅलिन फवारलं. निरोगी काँक्रीट त्यानं गर्द गुलाबी होतं. त्यांचा कोअर बाहेरच्या बाजूनं सळईच्या पलीकडेपर्यंत राखाडीच राहिला, गुलाबी रंग फक्त आतल्या गाभ्यात आला. त्यांनी तो हातात घेऊन बघितला, बोटानं रेघ चाचपली. मग मला विचारलं, “बाहेर पडते. परत कधी येऊ, ते लिहिलंयस का तुझ्या कागदात?”

लिहिलेलं नव्हतं. अहवालाच्या ठरलेल्या नमुन्यात तो रकानाच नसतो. रिकामं करा, दुरुस्ती करा, इतकंच असतं. त्या सोसायटीसाठी आम्ही दुरुस्तीचा क्रम नव्यानं मांडला. आधी टेकू, मग डक्टकडच्या खांबांचं जॅकेटिंग, मग मजल्यागणिक स्लॅब, आणि प्रत्येक टप्प्यापुढे कोणत्या घरातली माणसं केव्हा परत येऊ शकतील ते. कंत्राटदाराच्या करारात त्या तारखा घातल्या. तेव्हापासून माझ्या ऑफिसातून जाणाऱ्या प्रत्येक सी-टू-ए अहवालाला ते पान जोडलेलं असतं. त्यामुळे फी थोडी वाढते आणि चौरस फुटाच्या दरावर निविदा मागवणाऱ्या सोसायट्यांत आम्ही बरेचदा मागे पडतो. हे मला मान्य आहे.

तुमच्या सोसायटीचं ऑडिट होणार असेल तर कोटेशन उघडतानाच विचारा, किती कोअर काढणार आणि त्यांच्या जागा कोण ठरवणार. इंजिनिअर स्वतः येणार का, की फक्त ऑपरेटर. तपासणीच्या दिवशी सोसायटीतलं कुणीतरी बरोबर राहा आणि डक्टचं दार उघडून द्या. अहवाल आला की शेवटच्या पानावरचा वर्ग नंतर बघा, आधी कोअरचा नकाशा बघा. गळती असलेल्या बाथरूमखालचा खांब त्यात आहे का? गच्चीवर कोब्याचे थर किती, हे मोजलंय का? कुणाच्याही घरात किंवा दुकानात तोडफोड चालू असेल तर मिस्त्रीकडे बीम-कॉलमचा नकाशा मागा, आणि नसेल तर काम थांबवायला सांगा, ते दुकान चेअरमनचं असलं तरी. वर्ग पटला नाही तर दुसऱ्या इंजिनिअरकडे जाण्याआधी पहिल्याला सभेला बोलावा आणि त्यानं कोअर सगळ्यांसमोर टेबलावर ठेवून बोलावं असा आग्रह धरा. जो यायला तयार होत नाही, त्याच्या सहीवर आपली मुलं झोपवायची का, हा ठराव सभेनं करायचा.